गच्चीची वाटणी

शनिवारची जळगाव-धुळे एसटी पारोळ्याला नेहमीच दहा मिनिटं जास्त थांबायची आणि मी नेहमीच मनातल्या मनात कंडक्टरचा उद्धार करायचो. त्या शनिवारी ती तिथेच बिघडून पडली असती तर निदान एक दिवस तरी मी सुखात काढला असता. घरी पोचलो तेव्हा ऊन उतरलं नव्हतं. गल्लीच्या कोपऱ्यावरून वळलो आणि पाहतो तर आमच्या गच्चीवर लोखंडाचे चार खांब उभे. दोन माणसं त्यांवर चढून आडवे अँगल बसवत होती. खाली रस्त्यावर आणखी अँगलांचा ढीग पडला होता आणि माझी धाकटी मुलगी त्या ढिगावर बसून पेरू खात होती.

ही नव्वदच्या दशकातली शेवटची वर्षं. खिशात घालायचा फोन निघालाय हे आम्ही पेपरात वाचलं होतं, पण आमच्या कॉलनीत तो कुणाकडेच नव्हता. त्या फोनला मनोरा लागतो, आणि तो मनोरा कुणाच्या तरी डोक्यावरच उभा राहतो, इथवर कुणाचा विचार पोचला नव्हता. माझाही नाही.

आमचं घर म्हणजे एका जोत्यावरची दोन घरं. माझे वडील आणि त्यांचे थोरले भाऊ यांनी गावाकडचं शेत मिळून विकलं आणि धुळ्यात मिळून प्लॉट घेतला. स्लॅब एक, मध्ये एक भिंत, पुढे दोन दारं, मागे एक जिना. जिना चढून गेलं की सलग गच्ची. तिच्यावर भिंत घालावी असं दोघांनाही कधी सुचलं नाही. उन्हाळ्यात दोन्ही घरांच्या बिबड्या आणि शेवया तिथे एकत्रच वाळायच्या आणि कुठली खाट कुणाची ते बायकांना बरोबर कळायचं.

दोघे भाऊ वारले. पलीकडे राहिला माझा चुलतभाऊ, माझ्याहून चार वर्षांनी मोठा. मी त्याला भाऊच म्हणायचो. त्याला तीन मुलगे, आणि थोरल्याला एक मुलगा. अलीकडे माझी माय, बायको, दोन मुली आणि शनिवार-रविवारचा पाहुणा मी. नोकरी जळगावला, जमीन मोजणीच्या कचेरीत. आठवडाभर असोद्यापासून फैजपुरापर्यंत लोकांचे बांध मोजत हिंडायचं हे माझं काम. हातभर बांधासाठी सख्खे भाऊ एकमेकांच्या उरावर बसलेले मी पाहिले होते, आणि संध्याकाळी खोलीवर येऊन त्यांना हसलोही होतो.

बॅग खाली न ठेवताच मी जिना चढलो. भाऊ गच्चीवरच होता, कमरेवर हात ठेवून वर बघत.

“हाई काय शे, भाऊ?”

“टावर शे. मोबाईलना. कंपनीवालासले जागा दिधी.”

“कोनी दिधी?”

“मी दिधी. मना भागवर शे. तुना भागले हात बी लायेल नही.”

“गच्चीले भाग कव्हय पडनात?”

भाग कधी पडले, या प्रश्नावर तो हसला. माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, “तू जळगावले राहस. तुले काय तरास?”

हे वाक्य मी अजून चघळतोय. खरं सांगायचं तर त्याने आधी विचारलं असतं तर मी चहाचा कप संपायच्या आत हो म्हटलं असतं. त्याने जे मागितलं ते मी आजवर देत आलो होतो. लहानपणी पतंग, मोठेपणी माझी सायकल, लग्नात माझा नवा कोट. पण त्याने विचारलं नाही. मी या घरात राहतच नाही, असं त्याने चारचौघांदेखत, त्या अँगल बसवणाऱ्या माणसांदेखत सांगितलं. माझ्या डोक्यात तिडीक गेली आणि ती तिथेच घर करून राहिली.

मायने रात्रीच्या जेवणात विषय काढू दिला नाही. एवढंच म्हणाली, “भांडू नको रे बाबा. लोखंड शे, गंजी जाई.” तिची खोली मागच्या बाजूला, जिन्याला लागून. मधल्या भिंतीच्या पलीकडे, जवळजवळ तिच्या डोक्यावरच तो मनोरा. तिला उच्च रक्तदाब होता, उन्हाळ्यात जीव घाबरायचा, दुपारची दोन तास झोप मिळाली तरच संध्याकाळी माणसांत यायची. मी बायकोला म्हटलं, हे जे चाललंय ते मायच्या जिवावर चाललंय, आणि मी ते चालू देणार नाही. त्या वेळी मला स्वतःलाही वाटलं की मी हे मायसाठीच करतोय.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. मी शहाणा नव्हतो आणि सोमवारी मला व्हायचंही नव्हतं. रजेचा अर्ज टाकला आणि एका म्हाताऱ्या वकिलांकडे गेलो. प्रॉपर्टी कार्डाचा उतारा मी बरोबरच नेला होता, शेवटी धंदाच आपला. एक कार्ड, दोन नावं, आणि कुणाचा कुठला भाग याची एक ओळही नाही. वकील खूश झाले. पण चष्मा पुसत म्हणाले, “ते म्हणतील, वाटणी तोंडी झाली. चुली वेगळ्या आहेत, विजेचे मीटर वेगळे आहेत. मग तुमचं एकत्र काय आहे ते सांगा.”

मी म्हटलं, “कानबाई.”

खानदेशाबाहेरच्या माणसाला हे समजावून सांगावं लागेल. श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी आमच्याकडे कानबाई बसते. नारळाला देवी करायची, नथ-दागिने घालायचे, चौरंगावर बसवायची, आणि सोमवारी बायकांनी डोक्यावर घेऊन पांझरेत बोळवायची. तिचा नैवेद्य म्हणजे रोट. घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा सव्वा मूठ गहू सुपात घालायचे, ते दळून त्याचे रोट करायचे. आमच्याकडे हे रोट भाऊबंदांनीच खायचे, बाहेरच्याला घासही द्यायचा नाही. ज्यांच्या मुठी एका सुपात पडतात ते एक घर. आमच्या दोन दारांच्या सहा पुरुषांच्या मुठी एकाच सुपात पडत होत्या. एका वर्षी देवी त्यांच्याकडे बसायची, एका वर्षी आमच्याकडे.

वकिलांनी टेबलावर थाप मारली. “झालं तर! चूल वेगळी असली तरी पूजा एक आहे. पूजा एक तर घर एक, आणि घर एक तर गच्ची सामाईक. सामाईक गच्चीवर एकट्याने मनोरा बांधायचा अधिकार त्यांना नाही.” त्यांनी दाव्याच्या पाचव्या परिच्छेदात कानबाई घातली. मी सही केली. उठताना ते म्हणाले, “एक लक्षात ठेवा. दावा चालू असेपर्यंत काहीही वेगळं करायचं नाही. काहीही.”

मी मान हलवली. मला वाटलं ते भिंतीबद्दल बोलताहेत.

कोर्टाने पहिल्याच तारखेला ‘जैसे थे’चा हुकूम दिला. म्हणजे दाव्याचा निकाल लागेपर्यंत मनोरा आहे तसाच ठेवायचा, एक बोल्टही पुढे लावायचा नाही. कंपनीची माणसं शिड्या आणि दोर घेऊन निघून गेली. अर्धवट लोखंड गच्चीवर उभं राहिलं. मला एवढा आनंद माझ्या लग्नातही झाला नव्हता. त्या शनिवारी मी एसटी स्टँडवरून पेढे घेतले आणि भाऊच्या दारावरून मुद्दाम सावकाश चालत गेलो.

मग मला चटकच लागली. जिन्यावरचा दिवा माझ्या मीटरवर होता, तो मी काढून घेतला. त्याच्या गाडीची मागची चाकं माझ्या दारापुढे येतात म्हणून तिथे तुळशीची कुंडी ठेवली, आणि तुळशीला कोण काय बोलणार! त्याची सून माझ्या मुलींना चित्रकलेत मदत करायची, ती बंद केली. पोरी रडल्या. मी म्हटलं, घोडा आणि झाड आपलं आपल्याला काढता आलं पाहिजे. भाऊही काही कमी नव्हता. त्याने पाण्याच्या टाकीच्या कॉकला कुलूप लावलं आणि दर शनिवारी मी घरी यायच्या वेळी ओट्यावर बसून मोठ्याने रेडिओ लावायला सुरुवात केली. बायको म्हणायची, तुम्ही दोघं मिळून चार वर्षांचे आहात. भिंतीपलीकडे भाऊचीही बायको त्याला असंच काही म्हणत असणार.

यात एक गोष्ट मात्र मनाला लागून राहिली. मायला बरं नसलं की भाऊ तिला रिक्षात घालून दवाखान्यात न्यायचा, कारण मी जळगावला. दावा चालू असतानाही नेत होता. मला ते कळलं की उपकार वाटायचा नाही, चीड यायची. माझी माय माझ्या विरोधात वापरतो, असं वाटायचं. एकदा मी त्याला सांगितलंही, “मायले हात लावू नको.” पुढच्या वेळी तो तिला पुन्हा घेऊन गेला.

श्रावण आला. त्या वर्षी कानबाई भाऊकडे बसायची होती. मी शनिवारी घरी आलो तर वहिनी, म्हणजे भाऊची बायको, सूप घेऊन आमच्या मागच्या दारात उभी. सुपात त्यांच्या पाच जणांच्या मुठी पडलेल्या. नेहमीप्रमाणे आमच्या मुठीसाठी ती आली होती. एवढ्या महिन्यांत ती पहिल्यांदाच उंबऱ्याच्या आत आली असेल. माय गव्हाच्या डब्याचं झाकण काढत होती.

मी डब्यावर हात ठेवला. “आमना रोट यंदा वायला व्हई.”

वायला म्हणजे वेगळा. खानदेशात हा शब्द शिवीपेक्षा जोरात लागतो. वहिनीने मायकडे पाहिलं. माय म्हणाली, “भांडन करानं ते कोर्टमा कर. कानबाई वायली करू नको.” मी ऐकलं नाही. म्हटलं, जो माणूस मला घरात मोजत नाही त्याच्या सुपात माझी मूठ पडणार नाही. वहिनीने सूप पदराखाली घेतलं आणि गेली. जिन्याजवळ थांबून तिने डोळे पुसले ते मला दिसलं, आणि खोटं कशाला बोलू, बरंच वाटलं.

मग मायने आमचं सूप घेतलं. वडील वारलेले, मला मुलगा नाही. आमच्या दारात पुरुष एकच. माझ्या नावाचे सव्वा मूठ गहू तिने सुपात घातले आणि ती पुढे काय करावं ते न कळून बसून राहिली. सुपाचा तळही झाकला नव्हता. थोरल्या मुलीने विचारलं, “आमची मूठ?” मायने सांगितलं, पोरींची मूठ नसते. गिरणीवाल्याने तेवढंसं धान्य पाहून विचारलं, एवढंच? त्या पिठाचे जे रोट झाले ते एका ताटलीत मावले. भिंतीपलीकडे रात्रभर गाणी चालली होती, पाहुणे आले होते, चाळीसगावचे भाऊबंदही तिकडेच उतरले होते. आमच्या चौरंगापुढे माय एकटी गुणगुणत होती. आवाज चढत नव्हता. मी उशीवर डोकं ठेवून समाधानाने पडलो होतो. त्यांच्याकडे एक मूठ कमी पडली, एवढं एकच माझ्या डोक्यात होतं.

साक्ष थंडीत आली. मी पिंजऱ्यात उभा राहिलो. न्यायाधीश साहेब आपल्या पद्धतीने माझं प्रत्येक उत्तर कोर्टाच्या मराठीत फिरवून टायपिस्टला सांगत होते. पहिला अर्धा तास मी शेर होतो. प्रॉपर्टी कार्ड, प्लॉटचं खरेदीखत, स्लॅब एक, जिना एक, सगळं घडाघडा सांगितलं. भाऊ मागच्या बाकावर मान खाली घालून बसला होता.

मग त्याचा वकील उठला. तरुण पोरगा होता, आवाज मऊ.

“तुमचा कुळाचार एकत्र आहे असं तुम्ही दाव्यात लिहिलंय?”

“हो.”

“कानबाईचा रोट एकत्र होतो?”

“हो. होत आलाय.”

“यंदाच्या श्रावणात देवी कुठे बसली होती?”

माझ्या म्हाताऱ्या वकिलांनी झटकन मान वर केली. त्यांना मी काहीच सांगितलं नव्हतं. सांगण्यासारखं काही आहे असं मला वाटलंच नव्हतं. रोट वेगळा करणं हा माझ्या लेखी अपमान होता, भाऊचा केलेला. त्याला कायद्यात काही नाव असेल हे माझ्या स्वप्नातही आलं नव्हतं, आणि मी म्हणे लोकांच्या वाटण्या मोजणारा माणूस.

“दोन्हीकडे,” मी म्हणालो.

साहेब भला माणूस होता. त्यांनी स्वतःच विचारलं, “काही अडचण होती का? नोकरी बाहेरगावी, आजारपण, असं काही?”

माझे वकील माझ्याकडे नुसते बघत होते. त्यांच्या डोळ्यांत स्पष्ट लिहिलं होतं, हो म्हणा. एक शब्द पुरला असता. अडचण होती, साहेब. पुढच्या वर्षी पुन्हा एकत्रच करू, साहेब. दावा वाचला असता.

पण मी भाऊकडे पाहिलं. त्याने नेमकी तेव्हा मान वर केली होती. मला वाटलं, एवढे दिवस हा भिंतीपलीकडे बसलाय, आणि मला याच्याबद्दल काय वाटतं ते याच्या तोंडावर सांगायची संधी मला एकदाही मिळालेली नाही. ती आता आहे, आणि भर कोर्टात आहे.

“अडचण कसली?” मी म्हणालो. “मीच वेगळा केला. माझ्या आईच्या हातचा रोट याच्या घशाखाली उतरू नये म्हणून. आमचा आणि यांचा काही संबंध उरलेला नाही.”

साहेबांनी क्षणभर माझ्याकडे पाहिलं आणि टायपिस्टला सांगितलं, लिहा. टाइपरायटर खडखडला. भाऊचा चेहरा पार उतरला. त्याने खांद्यावरचा रुमाल घेतला, तोंड पुसलं, आणि तोंडावरून रुमाल काढलाच नाही. त्याचे खांदे हलत होते. मी तो चेहरा मनात साठवून घेतला. पुढे कित्येक दिवस एसटीत बसल्या बसल्या मी तो काढून बघायचो.

बाहेर आल्यावर माझे वकील पायरीवरच बसले. म्हणाले, “पाचवा परिच्छेद तुम्ही स्वतःच्या हाताने पुसलात.”

निकाल तसाच लागला. दोन्ही घरांची चूल वेगळी, मीटर वेगळे, आणि आता वादीच्याच तोंडून पूजाही वेगळी, संबंधही संपलेला. तेव्हा तोंडी वाटणी झालेली आहे हे प्रतिवादीचं म्हणणं खरं मानावं लागतं. पश्चिमेकडची अर्धी गच्ची त्याची, पूर्वेकडची अर्धी माझी. दावा रद्द.

पंधरा दिवसांत मनोरा पुरा झाला. वर पांढरे डबे लागले, लाल दिवा लागला, आणि भाऊच्या परसात डिझेलचं जनरेटर बसलं. त्या उन्हाळ्यात वीज वारंवार जायची. वीज गेली की जनरेटर सुरू व्हायचं आणि मायच्या खोलीतली भांडी फळीवर थरथरायची. मी शनिवारी विचारलं की ती म्हणायची, “त्याना शे तो. आपन काय करानं?” कानात कापसाचे बोळे घालून ती दुपारी भिंतीकडे तोंड करून पडायची. झोप लागायची नाही. चेहरा सुजल्यासारखा दिसायला लागला होता. डॉक्टरांनी गोळी वाढवली.

वकील म्हणाले, अपील करा. मी निकालाची नक्कल बॅगेत घातली आणि जळगावची गाडी धरली. एरंडोलच्या पुढे मी ती नीट वाचली. एकदा वाचली, दोनदा वाचली, आणि मग मोठ्याने हसलो. शेजारचा शेतकरी दचकून सरकून बसला. कोर्टाने लिहून दिलं होतं की पूर्वेकडची अर्धी गच्ची माझी एकट्याची आहे. सहीशिक्क्यानिशी. तिथे मी काय करावं हे विचारायची मला कुणाला गरज नव्हती.

त्या फोनची दुसरी एक कंपनी धुळ्यात जागा शोधत होती. अपिलाचा विचार मी तिथेच सोडला. मला मनोरा पाडायचा होता ना? पण अपिलाला वर्षं लागली असती, आणि भाऊ तेवढी वर्षं मिशीला पीळ देत फिरला असता. हे दोन महिन्यांत होणार होतं. करार पंधरा वर्षांचा होता. भाडं किती ते मी धड वाचलंही नाही. बायको म्हणाली, “स्वतःचं नाक कापून त्यांना अपशकुन करताय.” मी म्हटलं, नाक माझं आहे.

जनरेटर कुठे बसवायचं ते मी स्वतः ठरवलं. कचेरीतली टेप घेऊन आलो. भाऊच्या स्वयंपाकघराच्या खिडकीपासून किती फूट, त्याच्या ओट्यापासून किती फूट, सगळं मोजलं, आणि दोन्हीला जास्तीत जास्त जवळ पडेल अशी जागा मधल्या भिंतीला लागून काढून चुन्याने चौकोन आखून दिला. कंपनीच्या इंजिनिअरने मागे वळून विचारलं, “आणि ही इकडची खिडकी कुणाची?” मी म्हटलं, आमचीच आहे, काही हरकत नाही. तसं कागदावर लिहूनही दिलं.

भाऊ धावत आपल्या वकिलाकडे गेला. तासाभरात परत आला. त्याच्याच वकिलाने त्याला त्याचाच निकाल वाचून दाखवला असणार. मी जिन्यावर त्याची वाटच बघत उभा होतो.

“तू बी?” एवढंच तो म्हणाला.

“मना भागवर शे,” मी म्हणालो. “तुना भागले हात बी लायेल नही.”

हे बोलायला मिळालं त्या दिवशी मी जेवलो नाही. भूकच नव्हती, पोट भरलेलं होतं.

दुसरा मनोरा चढला. आता खाली रस्त्यावरून पाहिलं तर आमचं घर दिसायच्या आधी ते दोन सांगाडे दिसायचे. मायचं बाहेर येणं तोवर बंदच झालं होतं. ती खोली, मोरी आणि खाट एवढ्यातच असायची. वरच्या ठोकाठोकीबद्दल तिने विचारलं तेव्हा मी गच्चीचं काम आहे असं सांगितलं. बायकोला सांगायची लाज वाटली म्हणून तिने सांगितलं नाही. मी जळगावला निघून गेलो. दोन शनिवार कामामुळे आलो नाही.

तिसऱ्या आठवड्यात आलो. रविवारी दुपारी जेवण झालं आणि वीज गेली. आधी पलीकडचं जनरेटर सुरू झालं. मग भिंतीच्या अलीकडचं, आमचं. दोन्ही एकदम चालू असताना मी घरात असण्याची ही पहिलीच वेळ. जमीन पायाला मुंग्या आल्यासारखी लागत होती. मी भाऊच्या खिडकीत काय चाललंय ते बघायला मागच्या दाराकडे निघालो होतो. वाटेत मायची खोली लागते. ती खाटेवर बसली होती, दोन्ही तळहात कानांवर दाबून, आणि तोंड उघडं. श्वास घेताना तिचे खांदे वर उचलले जात होते. पंखा बंद, खिडकी उघडी, आणि खिडकीतून धूर आत येत होता. मी चुन्याने आखलेला चौकोन त्या खिडकीपासून सात पावलांवर होता.

मी जवळ गेलो. तिने एक हात काढला आणि ओरडून विचारलं, “हाऊ दुसरा कोना शे?”

मी तिच्या कानाशी तोंड नेलं. “आपला शे, माय.”

“आपला?”

तिने दुसराही हात कानावरून काढला. मला वाटलं आता बोलेल, रडेल, रोटाचं काढेल. तिचा चेहरा एकदम सैल झाला, पोराने वेळेवर औषध आणून दिल्यावर व्हायचा तसा.

“माले वाटे दोन्ही त्यानाच शेतस,” ती म्हणाली. “आपला शे ते मंग बंद कर ना, बेटा.”

जनरेटरची चावी कंपनीच्या माणसाकडे असायची. तो आठवड्यातून एकदा डिझेल भरायला यायचा. माय माझ्याकडे बघत होती आणि मी कधी उठतो याची वाट पाहत होती. मी उठलो, खिडकी लावून घेतली, आणि परत येऊन तिच्या पायाशी बसलो.